मदत हवी आहे: शालेय फुटबॉलमध्ये हिप-ड्रॉप टॅकल फाऊल ठरतो का?

माझा मुलगा टेक्ससमधील सार्वजनिक हायस्कूलच्या अमेरिकन फुटबॉल संघात रनिंग बॅक (चेंडू घेऊन धावणारा खेळाडू) आहे. मागून कंबर धरून, अंग फिरवून स्वतःचे वजन धावणाऱ्याच्या पायांवर टाकणारा हिप-ड्रॉप टॅकल एनएफएलने (अमेरिकेतील व्यावसायिक फुटबॉल लीगने) मार्च २०२४ मध्ये निषिद्ध केला आणि त्याला १५ यार्डांचा दंड ठेवला. मुलावर असाच टॅकल होऊन घोटा मुरगळला, पण पंचांनी फ्लॅग (फाऊल झाल्याची खूण) टाकला नाही. एनएफएलचा नियम शाळांना लागू नाही, हे प्रशिक्षकांचे म्हणणे रास्तच आहे, कारण येथे एनसीएएचे (महाविद्यालयीन क्रीडा संघटनेचे) नियम चालतात. डोक्यावरील आघाताविषयीचे टार्गेटिंगचे कलम मी वाचले. ते या प्रसंगाला लागू पडत नाही. मुलाचे खेळणे बंद करायचे नाही. अशा टॅकलला पंच अनावश्यक आक्रमकतेचा फाऊल देऊ शकतात का, आणि सामन्याची चित्रफीत हाती असताना पालकाने लेखी विचारणा नेमकी कोणाकडे करावी?