शिगे दुष्ट नाहीच! हारुको सुगिमुरा आणि 'दुय्यम' भूमिका

अबोली: जपानी दिग्दर्शक ओझूचा 'टोकियो स्टोरी' (१९५३) परत पाहिला. ओनोमिची या गावाहून टोकियोला मुलांकडे आलेले म्हातारे आईवडील, आणि मुलांना वेळ नाही. सगळे सेत्सुको हाराने साकारलेल्या विधवा सुनेवर जीव टाकतात आणि थोरल्या लेकीला, शिगेला, दुष्ट ठरवतात. माझ्या डोळ्यांपुढून मात्र हारुको सुगिमुराने साकारलेली शिगे हलत नाही. आई सकाळपर्यंत काढणार नाही हे कळल्यावर पहिला हुंदका या थोरल्या लेकीचा. आणि अंत्यविधीनंतरच्या जेवणात धाकट्या बहिणीला विचारते तीच: आईचा तो राखाडी ओबी (किमोनोवरचा कमरपट्टा) आहे ना गं, मला हवाय आठवण म्हणून. आमची आजी गेली तेव्हा दिवस व्हायच्या आत साड्यांचं कपाट उघडलं होतं, आणि उघडणारी आत्याच सगळ्यांत जास्त रडली होती. चित्रपटातली सर्वांत खरी व्यक्ती शिगेच.

जुनी_रीळ: साफ असहमत. मुलांनी अतामीला, गरम पाण्याच्या झऱ्यांच्या गावी, धाडलेले आईवडील लवकर परतल्यावर आपल्या पार्लरमधल्या गिऱ्हाइकाला 'गावाकडचे ओळखीचे' म्हणून सांगते, त्याला खरेपणा म्हणायचं? अभिनय थोर, वाद नाही. पण सिनेमाने सुगिमुराबाईंना वाया घालवलं. कायम आत्या, थोरली बहीण, 'रेड बिअर्ड'मध्ये (१९६५) कुंटणखान्याची मालकीण. दिग्दर्शक नारुसेने 'लेट क्रिसॅन्थेमम्स'मध्ये (१९५४) मध्यवर्ती भूमिका दिली तेव्हा काय केलंय बघा! व्याजाने पैसे देणारी माजी गेइशा, म्हणजे नाचगाण्याने मन रिझवणारी कलावंतीण. जुना प्रियकर येणार म्हणून नटूनथटून बसते, तोही पैसेच मागतो. मग त्याचा जपलेला फोटो जाळून टाकते. असे किती चित्रपट मिळाले त्यांना?

तिसरी_घंटा: वाया कसं? त्यांचं घर रंगभूमी होतं. बुंगाकुझा ही नाटकमंडळी १९३७ साली उभी राहिली ती त्यांच्यासारख्यांच्या जोरावर. 'ओन्ना नो इश्शो' ('एका बाईचं आयुष्य') हे नाटक १९४५ मध्ये रंगमंचावर आलं, पुढे त्याचे नऊशेच्या वर प्रयोग त्यांनी केले. एकाच नाटकात पोरसवदा मुलीपासून उतारवयापर्यंत. १९९५ मध्ये सरकारचा संस्कृती सन्मान देऊ केला तोही नाकारला. या बाईला सिनेमाच्या मोठ्या भूमिकेची काय गरज?

जुनी_रीळ: त्यांना नसेल, आपल्याला आहे! ते नऊशे प्रयोग तुम्ही-आम्ही कुठून बघणार? हाती उरली ती फक्त फिल्म.

अबोली: हे मात्र पटलं, आणि त्याची हळहळ मलाही आहे. तरी उरलंय ते थोडं समजू नका. शिगेची बाजू चित्रपटच घेतो: धाकटी चिडून ताईला स्वार्थी म्हणते, तेव्हा ती सूनच समजावते की मुलं आपापल्या संसारात गुंततातच. आणि 'लेट स्प्रिंग'मधली (१९४९) ती आत्या आठवा. देवळाच्या आवारात पैशाचं पाकीट सापडतं, शुभशकुन म्हणत जवळ ठेवते, तेवढ्यात पोलीस दिसतो आणि पाऊल झपाझप उचलते. अख्खी बाई कळली ना?