चार फुटी फिश टँकमध्ये औरेटस माशाच्या नरासोबत दुसरे कोणते मासे ठेवावेत?

भुसावळ_टँक: टँक ४ × १.५ × १.५ फूट. बोअरचं पाणी, पीएच ८, टीडीएस (विरघळलेले क्षार) ६५०. आत एकच औरेटस नर, ४ इंची. दोन येलो लॅब मासे सोडले, त्याने आठवड्यात शेपट्या कुरतडून मारले. दुकानदार म्हणतो एंजल मासा नाहीतर छोटा ऑस्कर मासा टाका. टाकू का?

मलावी_जळगाव: दोन्ही नको भाऊ. एंजल आणि ऑस्कर दक्षिण अमेरिकेतल्या मऊ पाण्याचे, औरेटस आफ्रिकेतल्या मलावी सरोवरातला. तुमचं जड पाणी त्यालाच मानवतं. शिवाय ऑस्कर फूटभर वाढतो आणि त्याला प्रोटीनचं खाद्य लागतं. तेच औरेटसने खाल्लं तर पोट फुगून मरू शकतो, त्याचं आतडं शेवाळ खाण्यासाठी बनलंय. त्याला स्पिरुलिनाचं (शेवाळाचं) खाद्यच द्या.

लॅब मेले कारण दोनच होते, सगळा मार त्यांच्यावर. १२-१४ मासे असले की राग वाटला जातो. रेड झेब्रा मासे घ्या, एका नरामागे ३-४ माद्या, तीन इंचांच्या आसपासचे. तळाला सिनोडोंटिस (एक प्रकारचे कॅटफिश) चालतील. जोहानी मासा मात्र अजिबात नको, आडव्या पट्ट्यांमुळे औरेटसला तो प्रतिस्पर्धीच वाटतो. औरेटसची पिवळी पिल्लं मादी समजून घेऊ नका, त्यातले नर पुढे काळे पडतात.

धुळे_सिक्लिड: सोडण्याची पद्धत महत्त्वाची. आधी औरेटसला वेगळ्या टबमध्ये काढा, एअर स्टोन (हवेचे बुडबुडे सोडणारा दगड) लावून. दगडांची मांडणी पूर्ण बदला, म्हणजे त्याची जुनी हद्द उरत नाही. दगड आधी काचेवर टेकवा, मग रेती. हे मासे रेती उकरतात आणि खालचा आधार सुटला की दगड काचेवर कोसळतो. नवे मासे सोडून ३-४ दिवसांनी, लाईट बंद करून, शेवटी त्याला.

आणि खरा धोका माशांच्या घाणीतून होणाऱ्या अमोनियाचा. एका माशावर चाललेला फिल्टर एकदम बारा मासे पेलत नाही, त्यात पीएच ८ ला अमोनिया जास्त विषारी ठरतो. ओळखीच्या चालू टँकमधला जुना स्पंज फिल्टरमध्ये टाका (त्यात अमोनिया पचवणारे जिवाणू असतात), दोन आठवडे खाद्य निम्मं, दिवसाआड २५% पाणी बदला, अमोनियाचं टेस्ट किट हाताशी ठेवा.

भुसावळ_टँक: मे महिन्यात पाणी ३३ डिग्रीला जातं. आत्ताच सोडू?

मलावी_जळगाव: नको, पाऊस सुरू होऊन पाणी २८ च्या खाली आलं की सोडा. गरम पाण्यात ऑक्सिजन कमी मावतो आणि मारामारी वाढते. तोवर झाकण काढून जाळी लावा, पंख्याचा वारा पाण्यावर येऊ द्या, दोन-तीन डिग्री उतरते. उडालेलं पाणी आरओच्या पाण्याने भरा, बोअरच्या पाण्याने क्षार वाढत जातात. लाईट जाते तेव्हा एअर पंप इन्व्हर्टरवर हवाच.