मदत हवी आहे: डीएलएल फाईल डोळ्यासमोर आहे तरी विंडोज म्हणतंय सापडत नाही

टॉवेलवाला_सोलापूर
नमस्कार मंडळी, अक्कलकोट रोड एमआयडीसीत टॉवेलच्या कारखान्यात डिझाइनचं काम बघतो मी. नक्षी कॉम्प्युटरवर काढायची, मग एका प्लगइनमधनं (सॉफ्टवेअरला जोडलेला छोटा प्रोग्राम) जेकार्डला, म्हणजे मागावरच्या नक्षीच्या यंत्राला, कळंल अशी फाईल काढायची आणि पेनड्राईव्हनं मागावर न्यायची, एवढंच. सॉफ्टवेअर जुनं, ज्यांच्याकडनं घेतलं त्यांनी धंदाच बंद केलाय.

परवा जुना विंडोज ७ चा कॉम्प्युटर कायमचा बसला. नवीन आणला, विंडोज ११, ६४ बिट. सॉफ्टवेअर चालू होतंय, डिझाइन उघडतंय, पण एक्सपोर्टचा मेनूच गायब. प्लगइन हातानं लोड करायला गेलं की एरर १२६, म्हणे मॉड्यूल सापडत नाही. अहो ती प्लगइनची डीएलएल (प्रोग्रामला लागणाऱ्या कोडची फाईल) त्याच्या फोल्डरमध्येच पडलीय की! मालकांना पण बोलवून दाखवलं, ते म्हणाले "दिसालंय की रे", आणि गेले चहाला.

ओळखीच्या एकानं सांगितलं एमएसव्हीसीआर१००.डीएलएल नावाची मायक्रोसॉफ्टची फाईल नसंल, म्हणून कुठल्यातरी फुकट साईटवरनं उतरवून सिस्टम३२ मध्ये टाकली, फरक शून्य. मग तीच सॉफ्टवेअरच्या फोल्डरमध्ये टाकली तर आता एरर १९३. डीएलएल रजिस्टर करायची रेगएसव्हीआर३२ कमांड पण चालवून झाली, ते एंट्री पॉइंट नाही म्हणतंय. गड्ड्याच्या जत्रेआधी माल द्यायचाय, कुणीतरी सांगा राव.

हडपसरकर
इतकं जुनं कशाला वापरता, नवीन सॉफ्टवेअर घ्या.

टॉवेलवाला_सोलापूर
पैसे तुम्ही देताय का साहेब?

बिट_मास्तर
आधी ती फुकट साईटवरची फाईल दोन्हीकडनं उडवा आणि व्हायरस स्कॅन मारा. अशा साईटवरनं डीएलएल कधीच घेऊ नये, आत काय भरलंय कुणाला माहीत.

ओळखीच्या माणसाचा अंदाज बरोबर वाटतोय. १२६ आली म्हणजे तुमचीच फाईल नाही असं नसतं. त्या प्लगइनला स्वतःला अजून चार डीएलएल लागतात, त्यातली एक जरी नसली तरी विंडोज हेच वाक्य तोंडावर मारतं, आणि कुठली नाही ते मात्र सांगत नाही. जुन्या कॉम्प्युटरवर दुसऱ्या कुठल्या तरी सॉफ्टवेअरनं ती आणून ठेवली असणार आणि तुमचं प्लगइन त्याच्या जिवावर चालत असणार, शेजाऱ्याच्या बोअरवर पाणी भरल्यासारखं. शेजारी घर सोडून गेला की मग कळतं.

आता गंमत बघा. ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ मध्ये ६४ बिटच्या फायली असतात आणि ३२ बिटच्या सिसवाव६४ मध्ये. हो, नावं उलटीच आहेत. तुमचं सॉफ्टवेअर ३२ बिटचं दिसतंय, ते सिस्टम३२ मध्ये शोधायला गेलं की विंडोज त्याला गुपचूप सिसवाव६४ कडे वळवतं, त्यामुळं तुम्ही टाकलेली फाईल त्याला दिसलीच नाही. स्वतःच्या फोल्डरमध्ये मात्र ते आधी शोधतं, तिथं दिसली, पण ती निघाली ६४ बिटची. ३२ बिटच्या सॉफ्टवेअरला ६४ बिटची डीएलएल चालत नाही, म्हणून १९३.

मायक्रोसॉफ्टच्याच साईटवरनं व्हिज्युअल सी++ २०१० चं रिडिस्ट्रिब्युटेबल घ्या (एमएसव्हीसीआर१०० त्यातच येते), एक्स८६ म्हणजे ३२ बिट वालं. विंडोज ६४ बिट आहे म्हणून एक्स६४ घेऊ नका, इथंच सगळे फसतात. रेगएसव्हीआर३२ चं टेन्शन घेऊ नका, ते फक्त रजिस्टर व्हायची सोय असलेल्या डीएलएलसाठी असतं, तुमचं काही बिघडलेलं नाही.

लिनक्सवाली
मास्तरांनी सांगितलेलं करूनही १२६ राहिली तर डिपेंडन्सी वॉकर नावाच्या टूलमध्ये प्लगइन उघडा, काय कमी आहे ते दिसतं. फक्त एपीआय-एमएस-विन नं सुरू होणारी नावं लाल दिसली तरी घाबरू नका, टूल जुनं आहे, नवीन विंडोजमध्ये ते उगाच बोंबलतं.

टॉवेलवाला_सोलापूर
झालं!! एक्स८६ टाकलं तरी पहिल्यांदा १९३ च आली, मग आठवलं की सॉफ्टवेअरच्या फोल्डरमधली ती ६४ बिटची काढायचीच राहिली होती. ती उडवली आणि मेनू आला. दोन डिझाइन मागावर चढली पण. मास्तर, सोलापूरला आलात तर शेंगाचटणी माझ्याकडनं.

एकच बारीक राहिलं, फाईलला मराठीत नाव दिलं की नुसती प्रश्नचिन्हं येतात. ही पण डीएलएलचीच भानगड का?

बिट_मास्तर
नाही, ते सॉफ्टवेअर युनिकोडवालं नसणार, म्हणजे मराठी अक्षरं त्याला कळत नसणार. नावं इंग्रजीतच ठेवा. चटणी तिखटवाली.