भिंतीवरचा वीतभर पतंग: अ‍ॅटलास की टसर?

घाटपायथा: सावंतवाडीजवळ घराच्या भिंतीवर, दिव्याखाली, काल रात्रीपासून वीतभर पतंग बसलाय. तांबूस तपकिरी, चारही पंखांवर एकेक पारदर्शक तुकडा. अकरा वाजले तरी हलत नाही. कोणता असेल? साखरपाणी ठेवू का?

पानोपानी: तुकडा तिकोनी की गोल, ते आधी पाहा. तिकोनी असेल आणि पुढच्या पंखाचं टोक सापाच्या डोक्यासारखं वळलेलं असेल, तर अ‍ॅटलास. डोळ्यासारखा गोल ठिपका असेल तर टसरचा पतंग. विदर्भात रेशमासाठी ऐन-अर्जुनाच्या झाडांवर पाळतात तोच.

साखरपाणी नको. याला खाण्याजोगं तोंडच नसतं. अळी असताना साठवलेल्या चरबीवर आठवडा, फार तर दोन आठवडे निघतात. दिवसा गप्प बसणं नेहमीचंच. उगाच उडवलंत तर तीच चरबी खर्ची पडते.

रानमेवा: नावापुरतं सांगतो. हिमालय, ईशान्य भारत, आग्नेय आशियातला तो अ‍ॅटॅकस अ‍ॅटलास. पश्चिम घाट आणि श्रीलंकेतला अ‍ॅटॅकस टॅप्रोबॅनिस. बातम्यांत सरसकट ‘अ‍ॅटलास’ छापतात. दोन्ही इतके सारखे दिसतात की फोटोसोबत ठिकाण हवंच.

मिशाही पाहा. रुंद, पिसांसारख्या असतील तर नर. बारीक मिशा आणि जाड पोट म्हणजे मादी.

घाटपायथा: तिकोनीच आहे. पोट जाड, मिशा बारीक. शेजारी भिंतीला बारीक दाणे चिकटलेत.

पानोपानी: मग मादीच, आणि दाणे म्हणजे अंडी. खरवडू नका, घट्ट चिकटलेली असतात, फुटतील. साधारण १० ते १४ दिवसांत अळ्या निघतात. भिंतीवर त्यांना खायला काही नाही, म्हणून मऊ ब्रशने उचलून दालचिनीच्या किंवा पेरूच्या पानांवर सोडा. फवारलेलं झाड नको. पुढे अळीच्या अंगावर पांढरी मेणचट भुकटी येते. बुरशी समजून ती पुसू नका. अळ्या निघाल्याच नाहीत तर अंडी फलित नव्हती. मीलन झालं नाही तरी मादी अंडी घालते.

रानमेवा: मादीला हलवायचं ते कावळे किंवा मांजर असेल तरच. पुढच्या पायांखाली पुठ्ठा सरकवा, आपणहून चढते. मग सावलीतल्या खोडाला लावा. पंख चिमटीत धरले की खवले झडतात. बरणीत तर फडफडून पंखच फाटतात. आणि आज रात्री तो दिवा लावू नका.