जनावराच्या वागण्यावरून दुखणं कळलं, तो अनुभव

तपासणीच्या आधीच जनावराच्या वागण्यातून काही कळलं, असं तुमच्या बाबतीत झालंय का? नेमकं काय दिसलं ते लिहा.

सुरुवात मी करते. आमचा बोका सकाळपासून वाळूच्या ट्रेमध्ये बसून कुंथत होता. मला वाटलं, बद्धकोष्ठ. डॉक्टरांनी फोनवर एकच विचारलं, "वाळू ओली होतेय का?" कोरडी होती. लघवी तुंबली होती. बोक्यांचा मूत्रमार्ग अरुंद असतो. एक-दोन दिवसांत जीव जाऊ शकतो. नळी घातली आणि वाचला.

*

आमची संकरित गाय. "खात नाही, दूध निम्म्यावर आलंय," एवढंच आम्ही डॉक्टरांना सांगितलं होतं. अपचनाचं औषध झालं, फरक नाही. मग आईच्या ध्यानात आलं की ओढ्याकडच्या उताराला गाय थबकते. चढ मात्र सहज चढते. उभी राहिली की कोपरं अंगापासून लांब, बसताना कण्हते. हे ऐकल्यावर डॉक्टरांनी तिच्या पाठीची कातडी खांद्यामागं चिमटीत धरून दाबली. चांगली गाय अशा वेळी पाठ खाली घेते. आमची ताठच राहिली आणि कण्हली. पोटात तार! गाय चारा नीट न चावताच गिळते, तार पोटाच्या जाळीदार कप्प्यात अडकते, आणि तिथून काळीज अगदी जवळ. उतारावर पोटाचा भार पुढं येतो, म्हणून दुखायचं. लोहचुंबक गिळवला, अँटिबायोटिक दिलं, पुढचे पाय उंचावर ठेवून बांधली. सुधारली. आईनं ते पहिल्याच दिवशी सांगितलं असतं, पण आम्ही तिला विचारलंच नव्हतं.

*

म्हैस व्यायल्याच्या दुसऱ्या दिवशी मान कुशीकडं वळवून बसली, कान गार. अंगातलं कॅल्शियम कमी झालं होतं. शिरेतून कॅल्शियम दिलं, तासाभरात उभी.

*

मी पशुवैद्य आहे. दवाखान्यात घाबरलेलं कुत्रं लंगडणंसुद्धा लपवतं. म्हणून घरी चालतानाचा व्हिडिओ काढून आणा, मला त्याचा फार उपयोग होतो. मांजराला पिंजऱ्यातून ओढून काढू नका. वरचं झाकण उघडलं की मी तिथंच तपासते.

*

आमची कुत्री डोक्याला हात लावला की गुरगुरायची. चावरी झाली म्हणून आठ दिवस बांधून ठेवली. कानात गवताचं कुसळ निघालं. काढल्यावर त्याच संध्याकाळी तिनं मुलाच्या मांडीवर डोकं ठेवलं. ते आठ दिवस अजून मनातून जात नाहीत.