ऋणफुली उमलली म्हणजे महिना लागला का?

कणकुंबीकर
एका कादंबरीसाठी कालगणना रचतोय, मतं हवीत. घाटमाथ्यापासून कोरड्या माळापर्यंत एकाच नदीकाठी पसरलेला मुलूख. तिथे चंद्र कुणी मोजत नाही, फूल उमललं की महिना लागतो. उमाळी पहिल्या पावसात उमलते. तिचा वास आहे तोवर गावात कुणाला खोटं बोलता येत नाही, म्हणून निवाडे आणि सोयरिकी त्याच महिन्यात. ऋणफुली उमलली की उधारीच्या वहीतली अक्षरं तापायला लागतात. ती कोमेजायच्या आत देणं फेडलं नाही तर देणेकऱ्याची सावली सावकाराच्या दारात जाऊन बसते. नीजकळीच्या महिन्यात एका छपराखाली झोपलेल्यांना एकच स्वप्न पडतं. आणि आठवी, आपल्या कारवीसारखी, आठ वर्षांतून एकदा. माणसाचं वय आठव्यांत मोजतात. तीन आठव्या पाहिलेला पोरगा लग्नाचा झाला.

नियम एकच. ज्या गावात फूल उमललं, त्या गावात त्या दिवशी महिना लागला. शेजारच्या गावाचं शेजारचं गाव बघेल. हा नियम तसूभरही सैल करू नये असं माझं मत.

सौंदत्तीवाला
फुलं झकास, नियम टिकणार नाही. मलप्रभा तुमच्या कणकुंबीला उगम पावते आणि आमच्याकडं येऊन धरणात थांबते. नदी एक, जिल्हा एक. पण तुमच्याकडं भिंतींना शेवाळ धरतं तेव्हा आम्ही पेरावं की थांबावं म्हणून आभाळाकडं बघत असतो. तुमच्या मुलखात वरच्या गावात ऋणफुली लागली तरी खाली उमाळीचा पत्ता नसेल. वरच्या माणसानं खालच्या बाजारात बैल घेतला आणि "ऋणफुलीला पैसे देतो" म्हणाला, तर कुणाच्या ऋणफुलीला? ज्यांच्या डोक्यावरचं आभाळ एक नाही अशा दोन माणसांना एक दिवस ठरवता यावा, म्हणून कालगणना लागते. तुम्ही रचलाय तो ऋतू.

कणकुंबीकर
ऋतूच म्हणा. पण एक दिवस ठरला नाही म्हणून माणसांचं अडतं, हे पटत नाही. बेंदूर घ्या. कर्नाटकी बेंदूर ज्येष्ठ पौर्णिमेला, महाराष्ट्रीय बेंदूर आषाढ पौर्णिमेला. आपल्या पट्ट्यात एका गावचे बैल सजवून, मिरवून झालेले असतात, आणि महिन्याभरानं दुसरं गाव शिंगं रंगवायला घेतं. पाहुणे दोन्हीकडं पुरणपोळी खातात. ईदचा चंद्रही सगळ्या देशाला एकाच संध्याकाळी दिसतो असं नाही. कुणाचं काय बिघडलं?

शहापूरची सून
सण आणि हप्ता एक नव्हे हो. सण महिनाभर पुढं गेला तर पोळी पुढं जाते, हप्ता पुढं गेला तर व्याज चढतं. आणि फसवणुकीला केवढी जागा ठेवलीय! देणेकरी नदीकाठानं खाली खाली सरकत राहणार, जिथं ऋणफुली अजून उमलली नाही तिथं मुक्काम. सावकार काय गप्प बसेल? मोगऱ्याचं पाणी तोडून ताण द्यायचा आणि मग पाणी सोडायचं की बहर येतो, हे परसात दोन झाडं असणाऱ्या बाईलाही ठाऊक असतं. शेवंतीला रात्री दिवे लावून फूल लांबवतात. तुमचा सावकार ऋणफुली कुंडीत लावून तिला पाहिजे तेव्हा उमलवेल.

कणकुंबीकर
ताई, हीच तर कादंबरी आहे!

टिळकवाडीचे मास्तर
त्यापेक्षा चंद्राला धरा. बारा चांद्रमासांचे ३५४ दिवस, सौर वर्ष ३६५ चं. वर्षाला जवळजवळ ११ दिवसांची तूट. आठ वर्षांत ८७ दिवस, म्हणजे तीन चांद्रमासांना जेमतेम दीड दिवस कमी. प्राचीन ग्रीकांनी याच आठ वर्षांच्या चक्रात तीन अधिक महिने घातले होते. आपला अधिकमास साधारण साडेबत्तीस महिन्यांनी येतो, तोही याच तुटीपायी. तुमची आठवी नकळत अचूक जागी बसलीय. बाकी फुलं अमावास्येच्या रात्री सगळीकडं एकदम उमलू द्या, आणि आठवी फुलली की तीन महिने फुललेलीच ठेवा. त्या काळात ना निवाडा, ना वसुली. सौंदत्तीवाल्यांचा बैलही सुटला.

कणकुंबीकर
सर, हिशेब देखणा आहे, पण मग उरलं काय? आपलंच पंचांग, वर फुलं चिकटवलेली. सगळ्यांना एक तारीख लावायचा हट्ट फ्रान्सनं क्रांतीनंतर, १७९३ मध्ये केला होता. महिन्यांना नावं पिकांची, फुलांची, धुक्याची. हवामान तिकडच्या उत्तरेचं, लागू सगळ्यांना. सुट्टी सातव्या दिवसाची दहाव्यावर नेली. १८०५ संपताना नेपोलियननं ते सगळं गुंडाळलं. नावं फार गोड होती, एवढं खरं.

खानापूरची बाई
मी गावोगावच्या फुलाच्या बाजूनं आहे, पण आठवीचं कुणी नीट बघितलेलं दिसत नाही. कारवी एका डोंगरावर एकदम फुलते, बी धरते आणि ते झाड मरतं. पुढचं पीक त्या बियांतून. शेजारच्या डोंगराचं आठवं वर्ष वेगळं असू शकतं. तेव्हा तुमच्या नियमानं अलीकडच्या गावची दोन आठव्यांची पोरगी पलीकडं नांदायला गेली, आणि तिथला डोंगर त्याच वर्षी फुलला, तर ती एका वर्षात तीन आठव्यांची होईल. नवऱ्यापेक्षा थोरली! महिने गावागावांत वेगळे चालतील. वयाचं काय करणार? मला तर सावकारापेक्षा या पोरीची गोष्ट वाचायला आवडेल. सासरी तिला कुठल्या डोंगराचं वय सांगायला लावतात?

निपाणीकर
काय फुलांचं घेऊन बसलाय मर्दांनो. फूल उमललं हे सांगणार कोण, ते बोला आधी. आमच्याकडं तंबाखूच्या दरासाठी १९८१ ला शेतकऱ्यांनी हायवे अडवला होता. दर असू दे नाहीतर तारीख, ठरवणारा कोण यावरच सगळं असतंय. पहाटे रानात जाऊन "उमललं" म्हणून ओरडणारा गडी सावकाराच्या घरचा असला की संपलं. राजाचं एकच पंचांग असलं तर निदान एका दारात जाऊन भांडता येतंय. गावोगावचं फूल म्हणजे गावोगावचा पाटील. नियम ठेवायचाच असला तर ओरडणारा माणूस असा पाहिजे, ज्याचं कुणाकडं घेणं नाही आणि देणं नाही.

शहापूरची सून
घेणं नाही, देणं नाही, असा माणूस म्हणजे एकतर गोसावी, नाहीतर पाळण्यातलं पोर. दोघंही पहाटे रानात जायच्या कामाचे नाहीत. दोन माणसं पाठवा, एक सावकारांचा, एक देणेकऱ्यांचा. दोघं मिळून ओरडले तरच महिना लागला.

कणकुंबीकर
आणि ते मिळून ओरडलेच नाहीत तर?

शहापूरची सून
तर त्या गावात अजून महिना लागलेला नाही. तसं एक गाव लिहा, फूल सुकून गेलंय आणि वर्षानुवर्षं तोच महिना चाललाय. मी वाचेन.