रेडिएशनला मराठीत काय लिहू? प्रारण, किरणोत्सर्ग की सरळ ऊन?

मंडळी, जरा मदत हवीय. एका लेखाचं मराठी करतोय, विषय असा की खूप उंचावरच्या वेधशाळांमध्ये जमिनीपाशी रेडिएशन आणि टेंपरेचर दिवसभरात आणि वर्षभरात कसं वरखाली होतं. मी बिनधास्त 'किरणोत्सर्ग' लिहून मोकळा झालो तर ज्याला वाचायला दिलं तो म्हणतो, अरे तिथे अणुभट्टी फुटलीय का? मग शोधल्यावर 'प्रारण' सापडलं, पण ते कुणाला कळणार? आणि 'सरफेस रेडिएशन'ला भूपृष्ठीय प्रारण, 'सीझनल'ला हंगामी, चालेल ना?

—

वाचणारा बरोबर बोलला :) किरणोत्सर्ग म्हटलं की युरेनियम, रेडियम हेच डोळ्यापुढे येतं. प्रारण कळणार नाही असं का वाटतं तुम्हाला? वहन, अभिसरण, प्रारण अशी तिन्ही एका दमात शाळेत पाठ केलीत की आपण. हिंदीत विकिरण म्हणतात, मराठीत प्रारणच रुळलंय, तेच ठेवा.

खरी गोची 'भूपृष्ठीय'मध्ये आहे. जमिनीवर येऊन पडणारं प्रारण की जमिनीने सोडलेलं? दोन्ही अर्थ निघतात आणि उंचावर तर हाच फरक महत्त्वाचा. एकूण हिशोब चार खात्यांचा असतो, सूर्याकडून येणारं, त्यातलं जमिनीने परत फेकलेलं, आकाशाकडून म्हणजे वाफ नि ढगांकडून खाली येणारं दीर्घलहरी (म्हणजे डोळ्यांना न दिसणारं, उष्णतेचं) प्रारण, आणि जमीन स्वतः वर सोडते ते. वातावरणाच्या वर सूर्याचं प्रारण दर चौरस मीटरला साधारण १३६१ वॅट असतं, आणि साडेपाच हजार मीटरवर हवेचा दाब समुद्रसपाटीच्या निम्म्यावर येतो, म्हणजे अडवायला निम्मीच हवा उरली, मग निरभ्र दुपारी ऊन झणझणीत लागणारच. पण ताजा बर्फ असेल तर त्यातलं ८० टक्क्यांहून जास्त आल्या पावली परत जातं, आणि शून्य अंशावरचा बर्फसुद्धा दर चौरस मीटरला ३१५ वॅटच्या आसपास वर सोडत असतोच. वर कोरडी हवा, ती खाली फारसं काही परत देत नाही, म्हणून सूर्य बुडाला की जमीन झपाट्याने गारठते. म्हणून नुसतं भूपृष्ठीय नको, 'जमिनीवर पोचणारं' आणि 'जमिनीने सोडलेलं' असं फोडून लिहा. लांब होईल, होऊ दे.

(जमिनीने सोडलेल्याला 'उत्सर्जन' लिहितात, भूगोलात चालतं, पण मला दर वेळी जीवशास्त्रातली उत्सर्जन संस्था आठवते त्याला काय करू.)

—

हंगामी अजिबात नको. हंगामी म्हणजे हंगामी कामगार, आज आहे उद्या नाही. 'ऋतूनुसार होणारा बदल' लिहा. दैनंदिनही नको, दैनंदिन म्हणजे भांडी घासणं. 'दिवसभरातला चढउतार' साधं आणि नेमकं. आणि दिवसाच्या कमाल-किमान फरकाला पुस्तकात 'दैनिक तापमान कक्षा' म्हणतात, पण आजकाल कक्षा म्हटलं की लोक उपग्रह शोधतात, तेव्हा पहिल्यांदा येईल तिथे अर्थ सांगून टाका.

—

धन्यवाद, पण आता नवीनच शंका. लेखात हिमालयातल्या ठाण्याचा आलेख आहे, त्यात ऊन सगळ्यात जास्त मे महिन्यात आणि तापमान सगळ्यात जास्त जुलैत. आधी वाटलं छापण्यात चूक. ऊन जास्त तेव्हाच गरम ना?

—

नाही, चूक नाहीये. मे मध्ये सूर्य चांगला वर आलेला असतो आणि आकाश मोकळं, जूनअखेर मान्सूनचे ढग आले की दुपारचं ऊन कापलं जातं. पण तेच ढग रात्री पांघरूण घालतात, आकाशाकडून येणारं दीर्घलहरी प्रारण वाढतं, किमान तापमान वर सरकतं आणि दिवसरात्रीतला फरक कमी होतो. म्हणून ऊन उतरलं तरी सरासरी चढते. दिवसाचंही तसंच बघा ना, ऊन बाराच्या सुमाराला टोकाला आणि हवा दोन-तीनला, आणि सगळ्यात गार वेळ मध्यरात्रीची नाही तर उजाडता उजाडता.

मला वाटतं आपले बोलीतले शब्दच इथे जास्त हुशार आहेत. 'ऊन कडक आहे पण हवा गार आहे' हे आपण सहज बोलतो, त्यात प्रारण आणि तापमान आपोआप वेगळे झाले. उंचावर उन्हात उभं राहिलं की उन्हाकडचा गाल भाजतो आणि खिशाबाहेर सावलीत राहिलेली बोटं बधिर होतात, एकाच माणसाला एकाच वेळी. तापमापक सावलीत ठेवतात तो याचसाठी, त्याला हवेचं माप घ्यायचंय, उन्हाचं नाही. उन्हाचं माप घेणारं यंत्र वेगळं, वर काचेचा घुमट असलेलं, आणि सकाळी त्या घुमटावर हिमकण जमलेले असले तर आकडे खुशाल खोटे येतात.

—

'दिवसभरातला' या शब्दाची पण एक जागा आहे जिथे तो पार कोलमडतो. दक्षिण ध्रुवावरचं अमुंडसेन-स्कॉट केंद्र, उंची २८३५ मीटर. तिथे सूर्य वर्षातून एकदाच उगवतो, सप्टेंबरात, मग दिवसभरातला चढउतार म्हणजे सहा महिन्यांचा का? चोवीस तासांत सूर्याची उंची जवळपास तेवढीच राहते, त्यामुळे तिथे 'चोवीस तासांतला' असंच लिहावं लागेल. अंटार्क्टिकातल्याच व्होस्तोक केंद्रावर उणे ८९.२ अंश सेल्सिअस नोंदले गेले ते २१ जुलै १९८३ ला, ऐन ध्रुवीय रात्रीत, म्हणजे सूर्य उगवतच नाही अशा काळात.

—

सगळ्यांचं ऐकून पहिलं वाक्य असं केलंय: 'उंचावरील वेधशाळेत दुपारी जमिनीवर पोचणारे प्रारण सर्वाधिक असते, मात्र तापमान त्यानंतर दोन-तीन तासांनी सर्वाधिक गरम होते.' आता ठीक?

—

प्रारण ठीक. पण तापमान गरम होत नाही हो, तापमान वाढतं. गरम होते ती हवा.